पांढरे बूट घालून नदीत उतरणारे सिनेटर फाउलर: नक्की काय केलं या माणसाने?

चिंगीची आई

नमस्कार मंडळी,

आम्ही मेरीलँडच्या कॅल्व्हर्ट काउंटीत नवीनच राहायला आलोय. एका बाजूला चेसापीकची खाडी, दुसऱ्या बाजूला पटक्संट नदी, मध्ये चिंचोळी जमीन. लेकीला शाळेत राज्याच्या विधिमंडळातल्या एका लोकप्रतिनिधीवर निबंध लिहायचा आहे. तिने बर्नी फाउलर निवडले. कारण विचाराल तर फोटो. गवती टोपी, डांगरी, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट आणि हातात हात धरून माणसांची रांगच्या रांग नदीत शिरतेय.

शोधलं तर सगळीकडे एकच गोष्ट सापडते: दरवर्षी जूनमध्ये नदीत उतरायचे, बूट दिसेनासे झाले की थांबायचे, पाण्याची खोली मोजायची. छान आहे. पण सिनेटर म्हणून काय केलं ते कुठेच नीट लिहिलेलं नाही. २०२१ मध्ये गेले तेव्हाच्या श्रद्धांजल्यांमध्ये नुसतं ‘नदीचे रक्षक’, ‘नदीचा आवाज’. सहावीतल्या मुलीला एवढ्यावर दोन पानं कशी लिहायला सांगू?

माझे प्रश्न असे:
हे बुटांचं मोजमाप म्हणजे शास्त्र की फोटोपुरता कार्यक्रम?
विधिमंडळात त्यांनी नेमकं काय करून घेतलं?
आणि नदी सुधारली का?

इथे पाण्याच्या क्षेत्रातले बरेच जण आहेत असं जुन्या धाग्यांवरून दिसतंय, म्हणून विचारतेय.

---

गाळसम्राट

ताई, योग्य दार ठोठावलंत. माझी अख्खी नोकरी याच राज्यात सांडपाणी शुद्धीकरणात गेली. फाउलर ज्या पाइपांच्या नावाने बोटं मोडायचे, त्या पाइपांच्या तोंडाशी मी उभा होतो. त्यामुळे त्यांच्याविषयी माझं मत श्रद्धांजलीछाप नाही. आदर मात्र पुष्कळ आहे.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण खरा मुद्दा तिथेच आहे. आणि त्याचं उत्तर थोडं अडचणीचं आहे: त्यांचं सगळ्यात मोठं काम सिनेटर होण्याआधीचं आहे.

आधी नकाशा समोर घ्या. पटक्संट राज्याच्या मधोमध उगम पावते, बॉल्टिमोर आणि वॉशिंग्टनच्या मधून खाली येते आणि सॉलोमन्सला चेसापीकला मिळते. लांबी साधारण ११५ मैल. पूर्णपणे मेरीलँडच्या हद्दीत वाहणारी ही सगळ्यात लांब नदी. हे वाक्य निबंधात घ्याच, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. चेसापीकचं पाणलोट क्षेत्र ६४,००० चौरस मैलांचं, सहा राज्यं आणि वॉशिंग्टन शहर एवढ्यांत विभागलेलं. खाडीत येणारं निम्मं गोडं पाणी एकट्या सस्क्वेहानाचं, आणि तिचं खोरं बहुतांश पेनसिल्व्हेनिया आणि न्यूयॉर्कमध्ये. तिथे अ‍ॅनापोलिसच्या (मेरीलँडची राजधानी) आमदाराने कितीही टेबल बडवलं तरी उपयोग नाही. पटक्संटचं तसं नाही. उगमापासून मुखापर्यंत एकच राज्य, एकच विधिमंडळ, एकच गव्हर्नर. ‘ते वरचं राज्य ऐकत नाही’ ही पळवाटच नाही.

पण एकाच राज्यातही वरचे आणि खालचे असतातच. वर हॉवर्ड, माँटगोमेरी, अ‍ॅन अरुंडेल, प्रिन्स जॉर्जेस या काउंट्या: पैसा, लोकसंख्या, मतं. खाली कॅल्व्हर्ट, चार्ल्स, सेंट मेरीज: तंबाखूची शेती, खेकडे, कालवं, मोजकी माणसं. १९६७ मध्ये हॉवर्ड काउंटीत कोलंबिया हे नवं कोरं शहर वसवायला सुरुवात झाली. लॉरेल, बोवी फुगत होतेच. या सगळ्यांचं सांडपाणी पटक्संटला. प्रक्रिया व्हायची, नाही असं नाही. पण तेव्हाची प्रक्रिया म्हणजे घाण खाली बसवायची, जिवाणूंकडून विरघळलेलं सेंद्रिय खाऊन घ्यायचं, क्लोरिन मारायचं आणि सोडायचं. पाणी दिसायला स्वच्छ, पण त्यातला नायट्रोजन आणि फॉस्फरस बराचसा तसाच खाली. म्हणजे आम्ही नदीला रोज खत घालत होतो.

फाउलर ब्रूम्स आयलंडला नदीकाठी होड्या भाड्याने द्यायचे. दुसऱ्या महायुद्धात नौदलात होते, परत येऊन तिथेच राहिले. ते सांगायचे की १९५० च्या दशकात छातीएवढ्या पाण्यात उभं राहून खेकडे पकडताना खाली स्वतःचे पाय दिसायचे. मग साठच्या दशकात पाणी गढूळ व्हायला लागलं, पाण्याखालचं गवत गेलं. त्यात जून १९७२ मध्ये अ‍ॅग्नेस वादळ आलं आणि अख्ख्या खाडीतल्या उरल्यासुरल्या गवतावर गाळ ओतून गेलं. गवत गेलं की खेकड्याच्या पिल्लांना लपायला जागा नाही, माशांना नाही. होड्या कोण भाड्याने घेणार?

१९७० मध्ये ते कॅल्व्हर्टचे काउंटी कमिशनर म्हणून निवडून आले. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस खालच्या तिन्ही काउंट्यांनी मिळून थेट राज्य सरकार आणि केंद्राच्या पर्यावरण संरक्षण संस्थेवर (ईपीए) खटला भरला. गावच्या कमिशनरने आपल्याच राज्य सरकारला कोर्टात खेचायचं! तेही तंबाखू पिकवणाऱ्या तीन काउंट्यांच्या जिवावर. आधार होता १९७२ चा स्वच्छ जल कायदा. त्या कायद्याखाली नवीन प्रकल्पांच्या बांधकामाला केंद्राकडून ७५ टक्के पैसा यायचा, म्हणून ईपीएला प्रतिवादी करणं हा भावनेचा प्रश्न नव्हता. पैशाच्या नळावर हात ठेवणं होतं ते.

आता भांडण कशाचं? नायट्रोजनचं. हे मुलीला समजावून सांगा, कारण ही सगळी कारकीर्द या एका मूलद्रव्यावर फिरते.

राज्याचं आणि ईपीएचं म्हणणं होतं की फॉस्फरस काढला की पुरे. गोड्या पाण्याच्या तळ्यांचा अनुभव तसाच होता: शेवाळ सहसा फॉस्फरसवर अडतं. आणि फॉस्फरस काढणं स्वस्त. तुरटी किंवा फेरिक क्लोराइड घाला, साका खाली बसतो, काम झालं. पण सॉलोमन्सला चेसापीक बायोलॉजिकल लॅबोरेटरी आहे, तिथले शास्त्रज्ञ सांगत होते की नदीचा खालचा भाग गोडा नाही, मचूळ आहे. उन्हाळ्यात तिथलं शेवाळ नायट्रोजनवर अडतं. फक्त फॉस्फरस काढलात तर वरचं पाणी सुधारेल आणि नायट्रोजन न वापरता खाली येऊन तिथे शेवाळ माजवेल. म्हणजे वरच्यांची सोय, खालच्यांची गैरसोय. गंमत बघा, ही प्रयोगशाळा राज्याच्याच विद्यापीठाची. सरकारी पगारावरची माणसं सरकारला नको असलेलं सांगत होती. वरच्या ऑफिसांतून त्यांचं किती प्रेमाने स्वागत झालं असेल याची कल्पना करा.

फाउलरांनी त्यांचं ऐकलं. माझ्या मते हीच त्यांची मोठी कमाई. शास्त्रज्ञ नसलेल्या माणसाने कुठल्या शास्त्रज्ञांवर विश्वास ठेवायचा हे बरोबर ओळखलं, आणि तेही अशा वेळी जेव्हा पदं आणि पैसा दुसऱ्या बाजूला होता.

कोर्टातला निकाल खालच्यांना अनुकूल लागला, राज्याला योजना नव्याने करावी लागली आणि डिसेंबर १९८१ मध्ये वरचे, खालचे, शास्त्रज्ञ, अधिकारी अशा सगळ्यांना एकत्र कोंडून बोलणी झाली. तिथे ठरलं: फॉस्फरस आणि नायट्रोजन दोन्ही कमी करायचे, आणि नदी १९५० च्या दशकातल्या अवस्थेकडे न्यायची. चेसापीकच्या परिसरात नायट्रोजन काढायचं बंधन पहिल्यांदा गंभीरपणे आलं ते पटक्संटवर. नंतर सगळ्या खाडीला जो नियम लागला त्याची तालीम इथे झाली.

नायट्रोजन काढणं म्हणजे काय हे थोडक्यात सांगतो, माझा जिव्हाळ्याचा विषय आहे. सांडपाण्यात नायट्रोजन मुख्यतः अमोनियाच्या रूपात येतो. आधी भरपूर हवा देऊन एका प्रकारच्या जिवाणूंकडून त्याचं नायट्रेट करून घ्यायचं. मग पाणी अशा टाकीत न्यायचं जिथे हवा अजिबात नाही. तिथले जिवाणू प्राणवायूसाठी कासावीस होतात आणि नायट्रेटमधला ऑक्सिजन ओढून घेतात. उरतो नायट्रोजन वायू, तो बुडबुड्यांनी वर येतो आणि निघून जातो. कागदावर सोपं. प्रत्यक्षात थंडीत जिवाणू सुस्तावतात, हवा जराशी जास्त झाली की दुसरी टाकी बसते, कार्बन कमी पडला तर मिथेनॉल पाजावं लागतं. नेहमीच्या प्रक्रियेतून लिटरमागे १८ मिलिग्रॅमच्या आसपास नायट्रोजन बाहेर जायचा. या पद्धतीने तो ८ वर आला. पटक्संटवरच्या मोठ्या प्रकल्पांत ही यंत्रणा नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला बसली. हवेच्या ब्लोअरचं विजेचं बिल बघून आमचे साहेब लोक ‘फाउलरकृपा’ म्हणायचे.

आता सिनेट. १९८२ ला निवडून आले, १९८३ ते १९९४ तीन मुदती. मेरीलँडचं विधिमंडळ वर्षातून ९० दिवस बसतं, जानेवारी ते एप्रिल. सिनेटर ४७. बाकीचे दिवस प्रत्येक जण आपापल्या पोटापाण्याच्या उद्योगात. अशा ठिकाणी एकटा माणूस कायदा ‘करत’ नाही, लावून धरतो. ती वर्षं मात्र नशीबवान होती. गव्हर्नर हॅरी ह्यूज यांनी खाडीचा विषय हातात घेतला होता. १९८४ चा क्रिटिकल एरिया कायदा त्याच काळातला: भरतीचं पाणी पोचतं त्या काठापासून १,००० फुटांपर्यंतच्या जमिनीवर बांधकामाचे निर्बंध, आणि अगदी काठाचे १०० फूट हिरवा पट्टा. त्यानंतर फॉस्फेट असलेल्या कपड्यांच्या साबणावर बंदी, १९८५. यात पुढाकार अ‍ॅनापोलिसचे सिनेटर जेराल्ड वाइनग्रॅड यांचा. फाउलर या गटातले, पण एकट्याचं नाव कुठल्याच कायद्याला लावू नका. शिक्षिकेने तपासलं तर लेक अडचणीत येईल.

नदी सुधारली का, ते नंतर लिहितो. जेवायची वेळ झाली.

---

तळठाव

गाळसम्राट, प्रतिसाद माहितीपूर्ण. नायट्रोजनचा भाग विशेष आवडला. पण पहिला प्रश्न टाळलात!

मी पाण्याच्या प्रकाशशास्त्रावर काम करते, म्हणून थोडी काड्या घालते. बूट दिसेनासे होईपर्यंत चालणं हे मोजमाप म्हणून कच्चं आहे. माणसाची उंची, नजर, ऊन की ढग, वारा, आदल्या दिवशी पाऊस पडला का, मागून येणाऱ्यांनी चिखल ढवळला का, सगळ्याने आकडा बदलतो. वर्षातून एकदाच घेतलेल्या मोजमापावरून कल काढणं तर सोडूनच द्या. पारदर्शकता मोजायला सेकीची चकती आहे: २० सेंटिमीटरची काळी-पांढरी तबकडी, दोरीला बांधून सोडायची, दिसेनाशी झाली की खोली लिहायची. १८६५ मध्ये आंजेलो सेकी या इटालियन पाद्री-खगोलशास्त्रज्ञाने सुरू केलेली पद्धत, आजही तीच चालते.

तेव्हा चिंगीची आई, निबंधात ‘शास्त्रीय पद्धत’ असा शब्द नको.

---

गाळसम्राट

तळठाव, सगळं मान्य. फाउलरांनाही मान्य होतं. शास्त्र आहे असा त्यांचा दावा नव्हताच. सेकीच्या चकतीने मोजणारे खाडीत १९८४ पासून ठरावीक ठिकाणी नियमित जातात. क्लोरोफिल, विरघळलेला ऑक्सिजन, नायट्रोजन, सगळ्याची नोंद आहे. आमचे प्रकल्प त्याच आकड्यांवर बांधले, बुटांवर नाही.

पण मला सांगा, चकती बघायला कधी टीव्हीची गाडी आलीये?

फाउलरांची नदीतली पहिली वारी १९८८ ची. १९८१ च्या कराराला सहा-सात वर्षं झाली होती, अहवालांवर अहवाल येत होते, यंत्रणा बसायची होती आणि बजेटच्या वेळी दरवेळी ‘पुढच्या वर्षी बघू’. तेव्हा हे ब्रूम्स आयलंडला पाण्यात उतरले आणि काही पावलांतच बूट गायब. पुढे गव्हर्नर आले, काँग्रेसमन स्टेनी हॉयर तर वर्षानुवर्षं येत राहिले. आता विचार करा: जूनच्या रविवारी मतदारांसमोर, कॅमेऱ्यासमोर, मंत्र्याची पँट भिजलेली, आणि गुडघ्याएवढ्या पाण्यात त्याला स्वतःचे पाय दिसत नाहीत. त्यानंतर काठीवर खूण करून आकडा सगळ्यांदेखत मोठ्याने वाचायचा. १९९४ ला सिनेटर पद सुटलं, पण हे सुटलं नाही. पद नसलेल्या माणसाला दरवर्षी सत्तेतल्यांना बोलावून घेता येईल असं निमित्त लागतं, ते त्यांनी तयार करून ठेवलं होतं. राजकारणी म्हणून मला हे त्यांचं सगळ्यात चलाख काम वाटतं.

सगळ्यात चांगला आकडा १९९७ चा, ४४.५ इंच. त्यापुढे गेला नाही. आणि १९९७ साठी टाळ्या वाजवणाऱ्यांनी हेही ध्यानात घ्यावं की एखादं वर्ष चांगलं जातं ते बरेचदा पावसामुळे. पाऊस कमी तर वाहून येणारा गाळ आणि खत कमी. आमची पाठ थोपटण्यासारखं त्यात थोडंच होतं.

---

इतिहासजमा

चर्चा रंगलीय, पण खाडीचा विषय निघाला आणि चार्ल्स मॅथायस यांचं नाव कुणी घेतलं नाही म्हणून हा प्रतिसाद.

मॅथायस हे मेरीलँडचे केंद्रीय सिनेटर, १९६९ ते १९८७, रिपब्लिकन. १९७३ मध्ये त्यांनी होडीतून खाडीचा दौरा केला, काठावरच्या लोकांशी बोलले आणि घाबरून परत आले. मग काँग्रेसकडून ईपीएला पाच वर्षांच्या अभ्यासासाठी २ कोटी ७० लाख डॉलर मिळवून दिले. त्या अभ्यासातून निघालं की खाडीचं मोठं दुखणं म्हणजे जादा पोषकद्रव्यं, नाहीसं होणारं पाण्याखालचं गवत आणि विषारी रसायनं. त्यावरून डिसेंबर १९८३ मध्ये मेरीलँड, व्हर्जिनिया, पेनसिल्व्हेनिया, वॉशिंग्टन शहर, चेसापीक बे कमिशन आणि ईपीए यांनी पहिला करार केला. करार इतका छोटा की एका पानात मावतो. १९८७ च्या करारात आकडा आला: २००० पर्यंत नायट्रोजन आणि फॉस्फरस ४० टक्के कमी.

लोकप्रतिनिधीवरच निबंध असेल तर मॅथायस जास्त मोठा माणूस नाही का? फाउलरांची एक नदी, यांची अख्खी खाडी.

अवांतर: बे कमिशन हेही मजेदार प्रकरण आहे. १९८० मध्ये मेरीलँड आणि व्हर्जिनियाच्या विधिमंडळांनी मिळून काढलं, १९८५ ला पेनसिल्व्हेनिया आलं. तिन्ही राज्यांचे आमदार एका टेबलाशी. पेनसिल्व्हेनियाला खाडीचा एक इंच किनारा नाही, तरी.

---

गाळसम्राट

+१. मॅथायस राहिले ते बरोबर नव्हतं, चांगलं केलंत. फाउलरही सिनेट सोडल्यावर त्या कमिशनवर मेरीलँडच्या नागरिकांचे प्रतिनिधी म्हणून होते.

पण ‘मोठा’ कोण यावर मी तुमच्याशी भांडेन. मॅथायसनी अभ्यास मिळवून दिला, तो अमूल्य आहे. अभ्यास मागायला मात्र कुणाशी वैर घ्यावं लागत नाही. फाउलरांनी ज्यांच्याशी वैर घेतलं त्यांच्याच शेजारी पुढे सिनेटमध्ये बारा वर्षं बसायचं होतं. हॉवर्ड आणि प्रिन्स जॉर्जेसच्या सिनेटरांची मतं हवी होती आणि त्यांच्याच मतदारांच्या बिलात वाढ करायची होती. तरी माणूस कडवट झाला नाही. मी त्यांना ऐकलंय. आमच्यासारख्या प्लांटवाल्यांशीही खेळीमेळीने बोलायचे, आणि शेवटी ‘अजून किती मिलिग्रॅम?’ हे विचारायला विसरायचे नाहीत.

---

बिलभरू

कौतुक चालू द्या. मी हॉवर्ड काउंटीत राहतो आणि पाण्याच्या बिलात वर्षाला ६० डॉलर ‘बे रिस्टोरेशन’ म्हणून भरतो. लोक याला फ्लश टॅक्स म्हणतात. इतकी वर्षं भरून खाडीला दरवर्षी प्रगतिपुस्तकात काठावरचे गुण. २०१० मध्ये ईपीएने नायट्रोजन, फॉस्फरस आणि गाळ यांचं कमाल प्रमाण ठरवून दिलं, २०२५ ची मुदत दिली. ती मुदत गाठता आली नाही हे आता सगळ्यांना माहीत आहे. मग आमचे पैसे गेले कुठे? सॉरी, नदीत म्हणू नका.

---

गाळसम्राट

नदीत नाही, माझ्या टाक्यांत गेले. हिशोब देतो.

हा आकार २००४ चा, गव्हर्नर अर्लिक यांच्या काळातला. फाउलर तेव्हा सिनेटमध्ये नव्हते, हे श्रेय वा दोष त्यांच्या माथी नको. सुरुवातीला वर्षाला ३० डॉलर, २०१२ मध्ये दुप्पट. त्यातून राज्यातले ६७ मोठे सांडपाणी प्रकल्प सुधारायचे ठरले: नायट्रोजन ८ वरून ३ मिलिग्रॅमवर. ८ चे ३ करणं म्हणजे काय ते मला विचारा. सोपं होतं ते आधीच काढून झालेलं असतं, उरलेल्या प्रत्येक मिलिग्रॅमला जास्त टाक्या, जास्त मिथेनॉल, जास्त पहारा. पण झालं ते. कोलंबियाचं पाणी घेणारा सॅव्हेजचा प्रकल्प, अप्पर मार्लबरोचा वेस्टर्न ब्रँच, सगळे त्या यादीत. तुम्ही फ्लश केलेलं पाणी आज पटक्संटमध्ये पडतं तेव्हा त्यात १९८० च्या मानाने नायट्रोजनचा लहानसा अंश उरलेला असतो. माणसं मधल्या काळात किती वाढली ते तुम्ही स्वतःच्या गल्लीत बघू शकता.

सेप्टिक टाकीवाल्यांकडूनही हा आकार घेतात. त्यातला काही भाग शेतकऱ्यांना जातो, शरद ऋतूत शेतात राय, गहू, बार्ली पेरायला. मक्याने न वापरलेला नायट्रोजन हिवाळ्याच्या पावसाने जमिनीतून सटकायच्या आत ही रोपं पिऊन टाकतात. पीक काढायचं नसतंच. मला विचाराल तर डॉलरमागे सगळ्यात जास्त काम करणारी हीच योजना, माझ्या टाक्यांपेक्षाही. धंद्यातले जुने मित्र हे वाचत असतील तर माफ करा.

मग नदी का सुधारत नाही? पाइप बंद करता येतो, पाऊस नाही. छपरं, रस्ते, पार्किंग, हिरवळीवरचं खत, गाड्यांच्या धुरातून हवेत गेलेला आणि पावसाबरोबर परत आलेला नायट्रोजन, हे सगळं ओढ्यातून येतं. त्याला प्रकल्पाचा दरवाजाच नाही. दुसरं म्हणजे भूजल. शेतात पडलेला नायट्रोजन जमिनीखालून नदीपर्यंत यायला काही ठिकाणी वर्षं, काही ठिकाणी दशकं लागतात. आज जे झऱ्यातून येतंय ते कुणाच्या तरी वडिलांनी टाकलेलं खत आहे. कालवंही गेली, एक मोठं कालव दिवसाला ५० गॅलनपर्यंत पाणी गाळतं, ती गाळणीच उरलेली नाही. उन्हाळ्यात वर हलकं गोडसर पाणी, खाली जड खारं पाणी, दोन्ही मिसळत नाहीत. शेवाळ मरून तळाला जातं, जिवाणू ते खाताना ऑक्सिजन संपवतात. नदीच्या खालच्या भागात हे आजही दर उन्हाळ्यात होतं.

फायदा दिसला तो वर. नव्वदच्या दशकात पटक्संटच्या गोड्या पाण्याच्या भरती-पट्ट्यात पाण्याखालचं गवत परत आलं. म्हणजे बिलभरू, पैसे तुमच्याकडचे आणि सुधारणाही आधी तुमच्याच बाजूला दिसली! खालच्यांनी खटला भरला, गवत वर उगवलं. नदीचाही काही न्याय असतो म्हणायचा.

---

बिलभरू

😀 ठीक आहे, ६० डॉलर माफ.

---

चिंगीची आई

किती मनापासून लिहिलंत सगळ्यांनी! लेकीला मराठी वाचता येत नाही, म्हणून मी वाचून सांगितलं. नायट्रेटमधून ऑक्सिजन ओढणारे जिवाणू तिला फाउलरांपेक्षाही आवडले.

तिने सुरुवात अशी केलीये: ‘बर्नी फाउलर हे मेरीलँडचे सिनेटर होते. त्यांनी सरकारवर खटला भरून पटक्संट नदी स्वच्छ केली.’ आणि तिचा प्रश्न असा की बूट तर शेवटपर्यंत छातीएवढ्या पाण्यात दिसले नाहीत, मग ते हरले असं लिहायचं की जिंकले? मी म्हटलं, काकांना विचारते.

---

गाळसम्राट

लेकीला सांगा, हरले-जिंकले लिहूच नको, दोन आकडे शेजारी शेजारी लिही. पाइपातला नायट्रोजन: १८, मग ८, मग ३. बुटांचा सगळ्यात चांगला आकडा: ४४.५ इंच, १९९७. पहिला कशामुळे उतरला आणि दुसरा का अडला हे तिला आता माहीत आहे, दोन पानं सहज होतील.

पहिली दोन वाक्यं मात्र बदला. खटला भरला तेव्हा ते काउंटी कमिशनर होते, सिनेटर नंतर झाले. खटला एकट्याने नाही, तीन काउंट्यांनी भरला. आणि ‘नदी स्वच्छ केली’ काढून टाका, तिथे ‘वरच्या काउंट्यांना नायट्रोजन काढायला लावला’ असं लिहा. जन्म १९२४, निधन डिसेंबर २०२१, वय ९७.

प्रत्यक्ष बघायचं असेल तर २०१० पासून ही वारी ब्रूम्स आयलंडऐवजी सेंट लिओनर्डच्या जेफरसन पॅटरसन पार्कात भरते, जूनचा दुसरा रविवार ठरलेला असायचा. निघण्यापूर्वी तारीख पार्ककडून पक्की करून घ्या. तळाला चिखल आहे, चपला घालून गेलात तर तिथेच राहतील. उन्हाळा लवकर तापला तर जेलीफिशही येतात, पायाला चावल्यासारखं होतं, म्हणून मुलीला लांब पँट घाला. सॉलोमन्सची प्रयोगशाळा तिथून जवळ आहे. जिवाणू आवडले असतील तर सांडपाणी प्रकल्प बघायला मिळतो का तेही विचारून बघा, शाळांच्या सहली घेतात बरेच जण. पहिल्या टाकीपाशी वास येतो, शेवटच्या टाकीपाशी येत नाही.